1971च्या युद्धात ट्रक होते, मग रेल्वेची एवढी गरज का पडली?

हा प्रश्न आमच्या घरात पन्नास वर्षं गाजतोय. अण्णा, म्हणजे माझे वडील, भुसावळला मालगाडीचे गार्ड. थोरले काका पायदळात. दर लग्नकार्यात काकांचं ठरलेलं वाक्य, "आम्ही गोळ्या झेलत होतो, हा हिरवा झेंडा हलवत होता." अण्णा हसून पान लावायला घ्यायचे.

आधी हिशेब. त्या काळच्या बंद वॅगनमध्ये साधारण 22 टन माल बसायचा. लष्कराचे तीन टनी ट्रक धरले, तर एका वॅगनला सात ट्रक. चाळीस वॅगनच्या गाडीला पावणेतीनशेच्या वर. तेवढे ड्रायव्हर, तेवढं डिझेल कुठून आणणार? एप्रिलमध्येच लढाई का नको, हे तेव्हाचे लष्करप्रमुख माणेकशांनी पुढे सांगितलं, त्यातही वॅगनचा मुद्दा होताच. रणगाडे हलवायला त्या लागणार आणि गव्हाच्या हंगामात गहू हलवायलाही त्याच.

डिसेंबरात एका रात्री अण्णांना पुलगावच्या लष्करी डेपोतल्या दारूगोळ्याची मिलिटरी स्पेशल मिळाली, बडनेऱ्यापासून भुसावळपर्यंत. पुढे कुठे जाणार, हे विचारायचं नाही. इंजिन आणि दारूगोळा यांच्यामध्ये रिकाम्या वॅगन जोडलेल्या, मागे ब्रेकव्हॅनच्या, म्हणजे गार्डच्या डब्याच्या, आधीही तसंच. अण्णांना तासाला दोन विड्या लागायच्या. त्या रात्री एकही पेटवली नाही. सकाळी घरी आले ते थंडीने काकडत. आईने चहा पुढे केला तर म्हणाले, "पुढे इंजिनात अख्खी भट्टी धगधगतेय, आणि मी मागे विडीला घाबरतोय!" पण विडी खिशातच राहिली होती.

झेंडा हलवण्यात जोखीम नसते म्हणणाऱ्यांनी बाडमेरकडचं गडरा रोड बघून यावं. 1965च्या लढाईत तिथे 17 रेल्वे कर्मचारी मारले गेले.

आता एवढं मान्य, की रूळ असतील तिथवरच रेल्वेचा रुबाब. त्रिपुरात 1971 साली रूळ धर्मनगरलाच संपत. वाटेत ब्रॉडगेजचा (रुंद रुळांचा) माल मीटरगेजमध्ये (अरुंद रुळांच्या गाडीत) चढवायचा आणि धर्मनगरहून पुढे आगरतळ्यापर्यंत सगळी मदार ट्रकांवरच. लडाखचं तर बोलायलाच नको. पूल उडाला की गाडी जागच्या जागी, हेही खरंच.

काकांची पलटण त्रिपुरातच होती. रेल्वेला नावं ठेवून झाली की तेच सांगायचे, धर्मनगरला उतरेपर्यंत गाडीत बसून बसून कंबर कशी मोडली होती.