मामांच्या अर्जाबद्दल : मूळ कागद हातातून सोडू नका

ताई, तुमची पोस्ट वाचली आणि पोटात कालवलं. मामांनी तीस वर्षं तमाशाच्या फडात ढोलकी वाजवली आणि वयस्कर कलावंतांना सरकार दरमहा देतं त्या मानधनाचा अर्ज 'पुरावे अपुरे' म्हणून परत आला, अगदी हेच माझ्या वडिलांचं झालं होतं, ते हलगीवर होते.

वय, उत्पन्नाचा दाखला, आधारला जोडलेलं बँक खातं हे तुम्ही केलंच असेल, त्यात शिरत नाही. आमची चूक सांगतो. वडिलांच्या पेटीतले सगळे मूळ कागद, जत्रेच्या पत्रिका, एका यात्रा कमिटीचं सन्मानपत्र, आणि त्यांचा तरुणपणीचा हलगी घेतलेला एकुलता एक फोटो, मी एका कार्यालयात फाइलला लावून दिले. झेरॉक्स नाही, पोच नाही. टेबलावरचे साहेब म्हणाले ठेवा इथं, मी ठेवले. चार महिन्यांनी गेलो तर असे काही कागद आमच्याकडे आलेच नाहीत म्हणे. तालुक्याचे जिल्ह्याकडे बोट दाखवायचे, जिल्ह्याचे तालुक्याकडे. दोन वर्षं गेली त्यात. मंजुरी मिळाल्यावर त्या दोन वर्षांचा एक रुपयाही आला नाही, पण मला पैशापेक्षा तो फोटो गेल्याचं जास्त लागतं. आईनं अजून विषय काढला की डोळ्याला पदर लावते.

म्हणून सांगतो, मूळ कागद फक्त दाखवायचे, द्यायच्या झेरॉक्स, आणि त्याच्या यादीवर शिक्का-सही-तारीख घेतल्याशिवाय जागचं हलायचं नाही. ऑनलाइन भरलात तरी अर्जाची पावती छापून ठेवा.

आता पुरावा. पत्रिकेवर नाव असतं फडमालकाचं, ढोलकीवाल्याचं, हलगीवाल्याचं कोण छापतंय? १५ वर्षांचं योगदान दाखवा म्हणतात, पण कनातीत रात्रभर वाजवणाऱ्याला सर्टिफिकेट कोणी दिलंय का कधी? माझ्या मते हा नियम साथीदारांवर सरळ अन्याय आहे, राग येतो मला. तर आम्ही काय केलं, वडिलांना बसवून कुठल्या गावच्या जत्रेला कुठल्या साली गेला होता त्याची यादी काढली आणि गावोगाव फिरलो. यात्रा कमिट्यांच्या हिशोबाच्या वह्यांत फडाला दिलेल्या सुपारीची, म्हणजे खेळ ठरवून दिलेल्या पैशांची, नोंद सापडली, तिथल्या पंचांनी वडील त्या फडात होते असं लिहून दिलं, जुन्या फडमालकाच्या मुलानंही पत्र दिलं. मामांचा फड नारायणगावला गुढीपाडव्याच्या सुमाराला खेळ ठरवायला राहुटी (तंबू) लावत असेल तर तिथल्या सुपारीचे करार मालकाकडे असतील, विचारा.

हे आमच्या जिल्ह्यात चाललं, तुमच्याकडची अर्ज तपासणारी समिती काय मानेल हे मी छातीठोक सांगणार नाही. नियम बदलत असतात, ताजा शासन निर्णय स्वतः वाचा. आमच्या वेळी कलावंतांचे अ, ब, क असे वर्ग होते, वडिलांना 'क' मिळाला, महिना २२५०. मार्च २०२४ च्या निर्णयानं सरसकट ५००० केले आणि योजनेला राजर्षी शाहू महाराजांचं नाव दिलं, हे चांगलं झालं. पण जिल्ह्यातून वर्षाला १०० च जण घेतात, म्हणून उशीर नको. काम करून देतो म्हणणाऱ्या एजंटाला पैसे तर अजिबात देऊ नका.

आणि मामींचं नाव, आधार सगळं मामांच्या कागदाशी जुळतंय का आत्ताच बघा, कलावंतामागं मानधन जोडीदाराला मिळतं. आमच्या आईच्या आधारवर माहेरचं नाव होतं, ते दुरुस्त करण्यात पुन्हा पाच महिने गेले.

यादी करायला मात्र आज रात्रीच बसा मामांबरोबर. वडिलांना सुरुवातीला चारच गावं आठवली, मग हलगी मांडीवर दिली तेव्हा बावीस निघाली.