वाचकांचे प्रश्न : संगीतकार पडद्यावर

प्रश्न : झेक चित्रपटांच्या श्रेयनामावलीत यान क्लुसाक हे नाव कधी संगीतकार म्हणून, तर कधी नट म्हणून दिसते. ही एकच व्यक्ती आहे का?

उत्तर : होय, एकच. 1934 मध्ये प्राग येथे जन्मलेले क्लुसाक मुळात मैफलीच्या संगीताचे रचनाकार आहेत; गुस्टाव मालर या संगीतकाराच्या एका सुरावटीवर आधारलेली त्यांची वाद्यवृंद-रचना 1960 च्या दशकाच्या आरंभीची आहे. त्याच दशकात झेक चित्रपटांत जी नवी लाट आली, तिच्या दिग्दर्शकांनी व्यावसायिक नटांऐवजी अनेकदा लेखक, संगीतकार अशा परिचितांनाच कॅमेऱ्यासमोर उभे केले आणि त्यातून क्लुसाक पडद्यावर आले. व्येरा खितिलोवा यांच्या ‘डेझीज’मध्ये (1966) ते फुलपाखरे जमवणारा प्रेमिक झाले. यान न्येमेत्स यांच्या ‘द पार्टी अँड द गेस्ट्स’मधला त्यांचा रुडॉल्फ मात्र मला सर्वांत मोलाचा वाटतो. जंगलातल्या मोकळ्या जागी टेबल मांडून तो सहलीला आलेल्या पाहुण्यांची चौकशी करतो, आणि त्याच्या हसतमुख, पोरकट अधिकारवाणीमुळे त्या प्रसंगातली दहशत अधिकच अंगावर येते. सराईत नटाने हा खलनायक कदाचित अधिक ठसठशीत केला असता, पण इतका अस्वस्थ करणारा नव्हे. पुढे या चित्रपटावर बंदी आली.

यारोमिल यिरेश यांच्या 1970 च्या ‘व्हॅलरी अँड हर वीक ऑफ वंडर्स’मध्ये तर दोन्ही भूमिका एकत्र आल्या : धर्मप्रचारक ग्रात्सियान त्यांनी साकारला आणि लुबोश फिशर यांच्यासह संगीतातही वाटा उचलला.