‘जवळजवळ पक्क्या’ संकलनावर संगीत बांधू नये

‘दिग्दर्शक म्हणतात, माहितीपटाचे संकलन जवळजवळ पक्के झाले आहे, संगीताला सुरुवात करा,’ हे संगीतकार म्हणून आपण लिहिलेले वाक्य वाचून जुनी जखम पुन्हा ठसठसली, म्हणून लिहितो आहे. संकलन पक्के म्हणजे दृश्यांची कापणी-जोडणी संपली, आता एकही फ्रेम हलणार नाही. वाद्ये आणि सॉफ्टवेअर यांविषयी आपणांस सांगण्याची गरज नसावी.

‘जवळजवळ’ या शब्दावर विसंबून मीही ५२ मिनिटांच्या माहितीपटाचे संगीत बांधले होते. त्यात एक वृद्ध नावाडी बुडालेल्या भावाविषयी बोलता बोलता थांबतो, मान खाली घालतो आणि बऱ्याच वेळाने म्हणतो, ‘नाव मात्र सापडली.’ हे वाक्य संपल्यावरच चेलोचा पहिला स्वर यावा, अशी माझी योजना होती. दरम्यान आधीच्या दृश्यात ४७ फ्रेमचा एक शॉट वाढवला गेला. सेकंदाला २५ फ्रेम या हिशेबाने सारे पुढचे चित्र जवळजवळ दोन सेकंद सरकले आणि चेलो नेमका ‘नाव’ या शब्दावर येऊन आदळला. निर्मिती कार्यालयाने बदलांची यादी पाठवलीच नव्हती. तीनदा फोन केला, तिन्ही वेळा वेगळ्याच व्यक्तीने ‘फाइल गेली आहे’ असे सांगितले. पुढचे सगळे तुकडे पुन्हा बसवावे लागले, तेही विनामोबदला, कारण दुरुस्त्या किती वेळा करायच्या हे करारात मी लिहून घेतले नव्हते. (मी वकील नाही, करार जाणकाराला दाखवावा.)

त्यामुळे माझे मत, कदाचित एकांगी असेल, पण ठाम आहे: संकलन पक्के झाल्याचे लेखी कळेपर्यंत चित्राबरहुकूम एकही स्वर बसवू नये. तोवर मूळ सुरावटी, लय आणि वाद्यमेळ यांवर काम करावे. ते वाया जात नाही. चित्रावर टाइमकोड (प्रत्येक फ्रेमची वेळ दाखवणारे आकडे) उमटवून मागावा आणि फ्रेमची गतीही लेखी विचारावी, कारण २४ आणि २३.९७६ यांच्या गल्लतीने तासाभरात ३.६ सेकंदांचा फरक पडतो.

संकलकाने तात्पुरते लावलेले संगीत मात्र मी एकदाच ऐकतो आणि नंतर ते बंद केलेली प्रत मागतो; दिग्दर्शक त्याच्या प्रेमात पडलेले असतात, आपण पडू नये.

शेवटी मला तारले ते स्टेमनी, म्हणजे संगीताच्या सुट्या ध्वनिफितींनी. प्रत्येक वाद्यगट वेगळा दिलेला असल्यामुळे ध्वनिमिश्रकाने त्या जागी चेलो काढून टाकला आणि नावाड्याच्या आवाजाखाली फक्त खर्जातला षड्ज ठेवला.