मावशींच्या आधी सारंगी नको

चि. मित्रास अनेक आशीर्वाद.

बेळगावातल्या वडगावच्या विणकरांवरच्या माहितीपटाला तू दिलेलं संगीत मन लावून ऐकलं. हात चांगला आहे तुझा. पण पहिल्याच मिनिटाला सारंगी रडायला लागते आणि त्या विणकर मावशींनी अजून तोंडही उघडलेलं नसतं. त्यांचं दुःख त्या स्वतः सांगणार आहेत. त्यांच्याआधी ते सांगायचा अधिकार आपल्याला नाही. सारंगी काढच.

तिच्या जागी आधी त्या खोलीचा आवाज ऐक. धागा तुटतो, माग थांबतो, आडवा धागा नेणाऱ्या धोट्याची खटखट बंद पडते आणि मोटारीची घरघर तेवढी उरते. मावशी वाकून गाठ मारतात. संगीताची जागा ही आहे. आपली वीज ५० हर्ट्झची, म्हणून अशी घरघर बहुधा १०० हर्ट्झच्या आसपास असते. पांढरी पाच, म्हणजे पेटीची पाचवी पांढरी पट्टी, तिचा खर्जातला सा ९८ हर्ट्झचा. तंबोरा पांढरी पाचला लावून किंचित चढव, तो घरघरीत असा मिसळेल की कधी सुरू झाला ते कुणाला कळणार नाही. माग पुन्हा चालू झाला की तंबोरा सोडून दे. त्या खटखटीवर तबला तर मुळीच नको, लय तिथे आहेच.

मुलाखतीखाली बासरी ठेवलीस, तीही खटकते. शब्द स्पष्ट कळतात ते साधारण १००० ते ४००० हर्ट्झच्या पट्ट्यात, आणि बासरीचे वरचे सूर नेमके तिथेच घुसतात. त्यातून आपल्याकडची माणसं मराठीत सुरू केलेलं वाक्य कन्नडमध्ये संपवतात. त्या वळणावर एकही सूर नको.

सीमाभाग दिसावा म्हणून मध्येच चौंडकं का घातलंस? ते सौंदत्तीच्या यल्लम्माचं, जोगतिणींच्या हातातलं वाद्य. देवीचा प्रसंग असेल तर जरूर घे, पण तयार तुकडा चिकटवू नकोस. वाजवणारीला बोलाव, मानधन आधी ठरव, श्रेयनामावलीत नाव घाल.

तुझ्या करारातलं रॉयल्टीचं कलमही नीट वाच. २०१२च्या कॉपीराइट दुरुस्तीनंतर चित्रगृहाबाहेरच्या वापरातला संगीतकाराचा वाटा निर्मात्याला लिहून देता येत नाही. कुणी सही मागितली तर आधी मला फोन कर.

संकलन पक्कं झाल्याशिवाय पुढचे तुकडे बांधू नकोस. नवी फाइल ४८ किलोहर्ट्झ सॅम्पल रेटची पाठव, तंबोरा वेगळ्या ट्रॅकवर.