काळ्या फुल्या आणि न बोलणारी पुतणी

दोन महिन्यांपासून घरातील कपड्यांवर काळ्या फुल्या उमटतात, पिठाच्या डब्यात काचा सापडतात, सासूबाईंना पहाटे छातीवर कोणी बसल्यासारखे वाटते, आणि आता मांत्रिकाने शेजारच्या विधवा बाईंचे नाव घेऊन उताऱ्यासाठी पैसे मागितले आहेत, असे तुम्ही लिहिता.

सासूबाईंचे आधी सांगते, कारण ते सोपे आहे. स्वप्ने पडतात त्या झोपेत स्नायू शिथिल झालेले असतात. तेवढ्यात जाग आली, तर काही क्षण शरीर हलत नाही, छाती दडपते आणि खोलीत कोणी असल्याचा भास होतो. जागरणाने हे वाढते, आणि तुमच्या घरात सध्या नीट झोपते कोण?

फुल्या आणि काचा मात्र भास नव्हेत, त्यांमागे माणसाचा हात आहे. बिब्ब्याचे तेल लागले की कपड्यावर धुऊनही न निघणारा काळा डाग पडतो. धोबी पूर्वी त्यानेच खुणा करीत. अंधश्रद्धा निर्मूलन समितीच्या कार्यकर्त्यांनी उलगडलेल्या भानामतीच्या प्रकरणांत करणारी व्यक्ती बहुधा घरातलीच निघाली आहे, आणि तीही अशी, की जिला आपले दुःख बोलून दाखवायला घरात जागा नव्हती. कधीकधी तर आपण काय करतो याचे तिला पुरते भानही नसते.

आई गेल्यावर तुमच्याकडे आलेल्या चौदा वर्षांच्या पुतणीविषयी तुम्ही शेवटी एकच ओळ लिहिली आहे, ‘ती बिचारी काही बोलतच नाही.’ मी त्या ओळीपाशी थांबले. हे तिनेच केले असे मी म्हणत नाही, आणि तुम्हीही म्हणू नका. तिची झडती घेऊ नका. कार्यकर्ते घरातील प्रत्येकाशी एकेकट्याने बोलतात आणि उलगडा झाला तरी नाव चारचौघांत सांगत नाहीत, त्यांना बोलवा. मनाच्या आजारांविषयी सल्ल्यासाठी 14416 हा सरकारी टेली-मानस क्रमांकही आहे.

मांत्रिकाला मात्र पुन्हा उंबरा ओलांडू देऊ नका. अमुक बाईने करणी केली असे जाहीर करणे हा 2013 च्या जादूटोणाविरोधी कायद्याने गुन्हा असून त्याला सहा महिने ते सात वर्षे कैद आहे, हे सासूबाईंच्याही कानावर घाला.

पुतणीच्या आईचा फोटो घरात लावला आहे का, हे पत्रात नाही. नसेल तर लावा, आणि जागा तिलाच निवडू द्या.