मराठी मुलींनी बुद्धिबळात खरंच काही करिअर केलंय का?

प्रश्न वाचला आणि हातातलं काम बाजूला ठेवून लिहायला बसले. तुम्ही विचारलंय की मुलगी नऊ वर्षांची आहे, चेस क्लासला मन लावून जाते, पण सासूबाई म्हणतात बुद्धिबळात मुलींचं काय असतं, आणि महाराष्ट्रातल्या मुलींनी यात खरंच काही केलंय का की सगळं चेन्नईलाच घडतं. तर केलंय, आणि आजकालच नाही, पन्नास वर्षं झाली त्याला.

मी पुण्याचीच, सदाशिव पेठेत वाढले, नव्वदच्या दशकात जिल्ह्याच्या आणि राज्याच्या स्पर्धा खेळायचे आणि आता कोथरूडला मुलांना शिकवते. म्हणजे हा विषय माझ्या रोजच्या जगण्यातला आहे, त्यामुळे उत्तर लांबणार, सांभाळून घ्या.

सुरुवात सगळे दिव्या देशमुखपासून करतात, मी खाडिलकर बहिणींपासून करते. मुंबईच्या, 'नवाकाळ'वाल्या खाडिलकरांच्या तीन मुली, वासंती, जयश्री आणि रोहिणी. महिलांची राष्ट्रीय स्पर्धा पहिल्यांदा १९७४ ला झाली ती वासंतीताईंनी जिंकली, आणि त्यानंतरची जवळपास दहा वर्षं ते विजेतेपद या एका घराबाहेर गेलंच नाही, आलटून पालटून तिघी बहिणींकडेच. रोहिणीताई सगळ्यात धाकट्या, पाच वेळा राष्ट्रीय विजेत्या. पण मला त्यांची सगळ्यात मोठी गोष्ट वाटते ती १९७६ ची. तेरा वर्षांची ही मुलगी पुरुषांच्या राष्ट्रीय स्पर्धेत खेळायला बसली. त्याच्यावरून एवढा गदारोळ झाला की प्रकरण कोर्टात गेलं, आणि तेव्हाचे जागतिक बुद्धिबळ संघटनेचे अध्यक्ष मॅक्स यूवे, जे स्वतः १९३५ ते १९३७ जगज्जेते होते, त्यांनी स्पष्ट सांगितलं की बाई आहे म्हणून कुणाला राष्ट्रीय किंवा आंतरराष्ट्रीय स्पर्धेत अडवता येणार नाही. आज तुम्ही तुमच्या मुलीचं नाव ओपन गटात, म्हणजे मुलं-मुली एकत्र खेळतात त्या गटात, घालू शकता ना, ते असं आपोआप आलेलं नाहीये, त्याच्यासाठी एक तेरा वर्षांची मराठी मुलगी भांडलीये. मी माझ्या क्लासमधल्या प्रत्येक मुलीला हे सांगते.

मग १९८१ ला हैदराबादला आशियाई महिला स्पर्धा झाली ती रोहिणीताईंनी एकही डाव न हरता जिंकली, बारापैकी साडेअकरा गुण! १९८३ ला पुन्हा त्याच. १९८५ आणि १९८७ ला अनुपमा अभ्यंकर, लग्नानंतरच्या अनुपमा गोखले. आणि १९९१ ला भाग्यश्री साठे म्हणजे भाग्यश्री ठिपसे. म्हणजे बघा, दहा वर्षांतली पाच आशियाई विजेतेपदं आणि पाचही मराठी बायकांकडे. अनुपमाताई आणि भाग्यश्रीताई दोघींना पद्मश्री आहे, दोघीही पाच-पाच वेळा राष्ट्रीय विजेत्या आहेत. अनुपमाताईंना १९८६ ला पद्मश्री मिळाली तेव्हा त्या सोळा वर्षांच्या होत्या. तेव्हा ना कॉम्प्युटर ना इंजिन ना ऑनलाइन क्लास, रशियन पुस्तकं मिळतील तशी वाचायची आणि वहीत डाव उतरवून घ्यायचे.

माझ्या वेळची एक गोष्ट सांगते. साधारण पंधराची असेन, पुण्यातल्याच एका शाळेच्या हॉलमधली स्पर्धा, सत्तर-ऐंशी मुलं आणि आम्ही मुली दोघी. समोरच्या मुलाचा वजीर मी घोड्याच्या शहात मारला, डाव तिथेच संपला होता, पण तो सोडेना. चाळीस मिनिटं नुसता राजा इकडून तिकडे. शेवटी हत्तीने मात दिली तेव्हा रडवेल्या आवाजात म्हणाला, बाबांनी सांगितलंय मुलीसमोर डाव सोडायचा नाही. मला त्याचा राग नाही आला पण घरी येईपर्यंत घशाशी काहीतरी अडकल्यासारखं झालं होतं. ती स्कोअरशीट अजून आहे माझ्याकडे. तुमच्या मुलीलाही असं कुणीतरी भेटेल, आता कमी भेटतात पण भेटतात, तेव्हा तिला आधीच सांगून ठेवा की समोरचा कितीही ताणू दे, आपण घाई करायची नाही.

आता पुण्याचं. पुण्याला भारी वातावरण आहे बुद्धिबळाचं आणि त्यात अभिजित कुंटे यांचं नाव पहिलं. आनंद, दिब्येंदू बारुआ, प्रवीण ठिपसे आणि मग कुंटे, २००० साली भारताचे चौथे ग्रँडमास्टर, म्हणजे बुद्धिबळातला सगळ्यात वरचा किताब. आज देशात ऐंशीच्या वर ग्रँडमास्टर आहेत त्यामुळे चौथा म्हणजे काय ते पटकन लक्षात येत नाही. पण मुलींच्या संदर्भात त्यांचं नाव मी दुसऱ्याच कारणाने घेतेय. ते भारतीय महिला संघाचे कॅप्टन होते. २०२२ ला चेन्नईच्या ऑलिम्पियाडला, म्हणजे देशांच्या संघांच्या जागतिक स्पर्धेला, सोनं जवळजवळ हातात असताना शेवटच्या फेरीत अमेरिकेकडून हरलो आणि ब्राँझवर आलो, मी टीव्हीसमोरून उठलेच नव्हते. आणि २०२४ ला बुडापेस्टला आठव्या फेरीत पोलंडकडून हरून, नवव्या फेरीत अमेरिकेशी बरोबरी होऊनसुद्धा शेवटी सोनं आणलंच. हरिका, वैशाली, दिव्या, वंतिका, तानिया आणि कॅप्टन पुण्याचा!

पुण्याच्या मुलींमध्ये सौम्या स्वामिनाथन २००९ ला अर्जेंटिनात मुलींची ज्युनियर जगज्जेती झाली. २०१८ ला इराणला आशियाई सांघिक स्पर्धा होती आणि तिथे डोक्यावर स्कार्फ सक्तीचा म्हणून तिने जायलाच नकार दिला, भारताच्या संघातली जागा सोडून, हे मला विजेतेपदाइतकंच मोठं वाटतं. ईशा करवडे पण आपल्या पुण्याचीच, भारताकडून ऑलिम्पियाड खेळलेली, आणि वुमन ग्रँडमास्टरच्या पुढे जाऊन तिने इंटरनॅशनल मास्टर मिळवलं. हा फरक पालकांना माहीत नसतो म्हणून सांगते, वुमन ग्रँडमास्टर हा फक्त मुलींचा किताब, त्याला रेटिंग, म्हणजे स्पर्धांतल्या निकालांवरून ठरणारा ताकदीचा आकडा, २३०० लागतं, इंटरनॅशनल मास्टरला २४०० आणि नुसत्या ग्रँडमास्टरला २५००, त्यात मुलगा-मुलगी असा काही भेद नाही. शिवाय नॉर्म लागतात, म्हणजे ग्रँडमास्टरसाठी साधारण नऊ डावांच्या तगड्या स्पर्धेत २६०० च्या तोडीचं खेळून दाखवायचं आणि असं मिळून किमान सत्तावीस डावांत. वर्षानुवर्षं जातात यात. एक नॉर्म अर्ध्या गुणाने हुकला म्हणून महिनाभर पटाला हात न लावलेली मुलं मी बघितलीयेत.

आणि म्हणूनच दिव्याचं एवढं कौतुक. नागपूरची मुलगी, आईवडील डॉक्टर. जुलै २०२५ मध्ये जॉर्जियात बाटुमीला महिला वर्ल्ड कपला गेली तेव्हा तिच्याकडे ग्रँडमास्टरचा एकही नॉर्म नव्हता, सीडिंग, म्हणजे रेटिंगवरून ठरलेला स्पर्धेतला क्रमांक, पंधरावं. तिथे तिने चीनच्या झू जिनेरला हरवलं, मग आपल्याच हरिकाला, मग उपांत्य फेरीत माजी जगज्जेती तान झोंग्यीला, आणि त्यातला एक डाव तर १०१ चालींचा! फायनलला समोर कोनेरू हंपी. हंपी २००२ ला ग्रँडमास्टर झाली तेव्हा दिव्याचा जन्मसुद्धा झाला नव्हता. दोन्ही क्लासिकल, म्हणजे भरपूर वेळेचे डाव बरोबरीत, मग रॅपिडचा, म्हणजे कमी वेळेचा, पहिला पण बरोबरीत, आणि दुसऱ्यात वेळेच्या ताणात हंपीची चूक झाली आणि दिव्या जिंकली. तो कप जिंकणारीला थेट ग्रँडमास्टर किताब मिळतो, त्यामुळे एकोणीस वर्षांची ही मुलगी एका दिवसात भारताची ८८ वी ग्रँडमास्टर, आणि महिलांमध्ये फक्त चौथी. जिंकल्यावर आईला मिठी मारून रडली ते बघून मी पण रडले.

तिला मी त्याआधी तीनच महिने इथे पुण्यात बघितलं होतं, एप्रिलमध्ये महिला ग्रँड प्रिक्सचा टप्पा पुण्यात झाला होता ना तेव्हा. क्लासच्या सहा मुलींना घेऊन गेले होते. हंपी पहिली आली, दिव्या तिसरी. माझ्या मुली तिच्या सहीसाठी थांबल्या होत्या पण मला आवडलं ते वेगळंच, एक छोटी हळूच म्हणाली, मॅडम ती पण माझ्यासारखी चाल खेळून उठून फिरते.

करिअरचं पैशाच्या बाजूने विचाराल तर खरं सांगते, नुसत्या बक्षिसांवर घर चालवणारे फार थोडे. वरच्या खेळाडूंना पेट्रोलियम कंपन्या वगैरे स्पोर्ट्स कोट्यातून नोकऱ्या देतात, बाकीचे शिकवतात आणि चांगलं शिकवणाऱ्याला आता ऑनलाइनमुळे परदेशातले विद्यार्थी पण मिळतात. खर्च मात्र आहे, कोच, प्रवास, एंट्री फी, आणि सोबत जायला आई किंवा बाबांची सुट्टी, ही सुट्टीच खरी महाग पडते. पण नऊव्या वर्षी याचा हिशोब नका मांडू. तिला महिन्याला एखादी रेटिंग स्पर्धा खेळू दे, शक्यतो ओपन गटात, हरलेला डाव घरी आल्यावर लगेच नाही तर दुसऱ्या दिवशी तिच्यासोबत बसून बघा, तुम्हाला खेळता येत नसेल तरी चालेल, तिला समजावून सांगायला लावा. शाळा आणि क्लास दोन्ही चालू दे.

आणि सासूबाईंशी वाद घालू नका. त्या सत्तरीच्या आसपास असतील तर त्यांना फक्त खाडिलकर भगिनी आठवतात का एवढं विचारा. त्या काळात पेपरात फोटो यायचे तिघींचे. माझ्या आईला विचारलं तर तिला तिघींची नावं पाठ होती, आणि मला बुद्धिबळाला तिनेच घातलं होतं.