सेमिस्टरला २२ क्रेडिट म्हणजे आठवड्याला नेमके किती तास कॉलेज?

नुसत्या २२ या आकड्यावरून ते कळत नाही. थिअरी किती आणि प्रॅक्टिकल किती, ते आधी बघा. नव्या राष्ट्रीय शैक्षणिक धोरणानुसार आपल्याकडे पदवीला सेमिस्टरला साधारण २० ते २२ क्रेडिट असतात. थिअरीच्या एका क्रेडिटला १५ तास, प्रॅक्टिकलच्या एका क्रेडिटला ३० तास. सेमिस्टर १५ आठवड्यांचं धरलं, तर आठवड्याला अनुक्रमे १ आणि २ तास.

समजा बीएस्सीला १६ क्रेडिट थिअरी आणि ६ प्रॅक्टिकल आहेत. १६ अधिक १२, म्हणजे २८ तास. बीएला सगळी थिअरी असेल तर तेच २२ क्रेडिट २२ तासांत बसतात. म्हणून सायन्सवाले संध्याकाळपर्यंत लॅबमध्ये, आणि आर्ट्सवाले दुपारी कट्ट्यावर!

पण घरचा अभ्यासही धरलेला असतो. राष्ट्रीय क्रेडिट आराखड्यात एका क्रेडिटमागे एकूण ३० तास मोजतात. २२ क्रेडिटचे ६६० तास, म्हणजे आठवड्याला ४४. वरच्या उदाहरणात २८ वजा केले की १६ तास तुमच्या गळ्यात. पार्टटाइम नोकरी करणार असाल तर हिशोब ४४ वर करा, २८ वर नको. मागचे बॅकलॉग, म्हणजे राहिलेले विषय, या २२ मध्ये येत नाहीत, त्यांचा अभ्यास वेगळा.